डाव्या कडेची धाव

आमच्या क्लबात मी डावा बॅक होतो आणि तो माझ्या पुढे डावा विंगर. मैदानाची डावी कड आम्हा दोघांची होती. क्लब काही मोठा नव्हता. नागपूरच्या स्थानिक लीगमधला, कधी वर चढणारा, कधी खाली घसरणारा. जिंकलो तर दुसऱ्या दिवशी पेपरात आतल्या पानावर चार ओळी यायच्या आणि त्यातही नावं चुकलेली असायची.

मी तांडापेठेतला, कोष्ट्याच्या घरचा. बाबांचा माग तोवर बंद पडला होता आणि ते एका दुकानात कापड मोजून कापत. तो रामटेकच्या पलीकडच्या एका गावचा, धानाच्या शेतीतला. शिकायला म्हणून नागपुरात आला, होस्टेलवर राहिला आणि शिकण्यापेक्षा मैदानावरच जास्त दिसू लागला. आमची गाठ तिथेच पडली.

त्याच्यासारखं पळणं मी कुणाचं पाहिलं नाही. म्हणजे तोवर तरी नाही. बॉल मिळाला की पहिली दोन पावलं तो अशी टाकायचा, जणू त्याला पळायचंच नाही, विचार बदलला आहे. समोरचा बॅक जरा सैल पडायचा. आणि मग तो अंग किंचित बाहेरच्या बाजूला झुकवून सुटायचा. डावा हात खाली लोंबता, पंजा उघडा, उभ्या धानावरून हात फिरवत चालल्यासारखा. मी मागून पाहत असायचो. मला त्याचा चेहरा कमी आणि पाठच जास्त दिसायची.

"पाहू नको गा, बॉल दे," तो ओरडायचा. "तू पाहूनच राहतो."

उन्हाळ्याच्या तोंडावर एका स्पर्धेचा उपान्त्य सामना होता. धंतोलीला लागून असलेल्या स्टेडियममध्ये. दुपार कलली होती, पण जमीन तापलेली होती. दुसऱ्या हाफमध्ये मी लाइनच्या कडेकडेनं बॉल पुढे सोडला. चांगला होता पास. तो पळाला. बॉल त्याच्या पुढे थोडा लांब गेला आणि गोललाइनबाहेर निघाला, पण तो थांबला नाही. बॉल गेल्यावरही तो काही पावलं पळत राहिला आणि मग तोंडावर पडला. कुणी त्याला हात लावला नव्हता. जवळपास कुणी नव्हतंच. रेफरीनं गोलकिकची खूण केली. आमच्यातलाच एक जण हसत म्हणाला, "उठ बे, नाटकं नको करू." आम्ही जिंकत होतो, आम्हाला वाटलं वेळ काढतो आहे.

स्टेडियमच्या बाहेर चार पावलांवर दवाखाने. आम्ही त्याला हातांवर उचलून पळत नेलं. तरी काही उपयोग झाला नाही. तो मैदानावरच गेला होता.

सगळे म्हणाले, ऊन लागलं. नागपुरात उन्हाळ्यात माणूस पडला की हेच म्हणतात आणि पुष्कळदा ते खरंही असतं. मला ते पटलं नाही, पण दुसरं काही सुचत नव्हतं. त्यानं आठवडाभर आधीही एकदा सराव थांबवून गुडघ्यांवर हात ठेवले होते. मी विचारलं तर म्हणाला, "काही नाही गा, ऊन आहे." तेव्हा ते मलाही खरंच वाटलं होतं.

मी त्याच्या गावी गेलो. घरात आई आणि एक धाकटी बहीण. वडील नव्हते. आई एका जागी बसून होती आणि बहीण आल्यागेल्याला पाणी देत होती. तिच्या हातात तांब्या होता आणि ती पुन्हा पुन्हा भरलेल्या पेल्यातच पाणी ओतत होती. अंगणात बसलेल्या एका म्हाताऱ्या नातेवाइकानं मला हलक्या आवाजात सांगितलं, "याचा बाप असाच गेला. बांधीतून पळालेल्या बैलामागं धावला अन् पडला. त्याचा काका बी असाच. या घरच्या माणसायले पळता पळता आसरा नेतात."

आसरा म्हणजे पाण्यातल्या देवी. तलावाच्या काठी त्यांच्या नावानं शेंदूर लावलेले दगड होते. तेराव्याच्या आधीच घरच्यांनी तिथे हिरव्या बांगड्या आणि लिंबू ठेवलं. मी बरोबर गेलो होतो. तलावाचं पाणी आटत आलं होतं, काठावर चिखलाला भेगा पडल्या होत्या. त्याची बहीण मागं उभी होती. परतताना ती कुणाला तरी म्हणाली, "आता घरात नेण्यासारखं कोणी राह्यलंच नाही."

पुढच्या हंगामात मी खेळलो. खेळलो म्हणजे काय, डावीकडे बॉल मिळाला की मान वर न करता मी लाइनच्या कडेनं सोडायचो. तिथे कुणी नसायचं. नवा विंगर आत येऊन बॉल मागणारा होता, तो चिडायचा. "तुमी कोनाले देऊन राहिले?" असं त्यानं एकदा भर सामन्यात विचारलं. कोचनं मला मधे, स्टॉपरला आणलं. तिथे मी बरीच वर्षं टिकलो. त्याच खेळावर एका खात्यात नोकरी लागली, लग्न झालं, गुडघा गेला. मग कोचिंगचा कोर्स केला आणि शेवटी एका फुटबॉल अकॅडमीत लागलो. सकाळी शिकवायचं आणि हिवाळ्यात गावोगाव फिरून मुलं-मुली निवडायच्या. भंडारा, गोंदिया, उमरेड, तुमसर. शाळांच्या स्पर्धा, गावच्या जत्रेतले सामने. रामटेक मी कायम शेवटी ठेवायचो, आणि त्याच्या गावाच्या फाट्यावरून गाडी गेली तर खिडकीतून दुसरीकडे पाहायचो.

मुलं निवडायला जाणारा माणूस पाय पाहतो, असं लोकांना वाटतं. मी मान पाहतो. बॉल येण्याआधी कोण मान फिरवून आजूबाजूला बघतं ते पाहतो. माझी ती सवय आहे. त्या दिवशी मात्र मी काहीच पाहत नव्हतो. रामटेकला गडाच्या पायथ्याशी एका शाळेच्या मैदानावर मुलींचे सामने चालू होते. मी पाठ करून चहा घेत होतो. सहज वळलो तर मैदानाच्या पलीकडच्या कडेला तो पळत होता.

मी हे असंच लिहितो, कारण तेव्हा मला तसंच दिसलं. दोन पावलं मंद, मग अंग बाहेर झुकलेलं, डावा हात खाली, पंजा उघडा. एक बारीक, काळीसावळी पोट्टी, केसांना लाल रिबीन. तिनं बॅकला मागं टाकलं आणि क्रॉस घातला. कुणीतरी गोल केला. मी खाली बसलो. शेजारच्या मास्तरांनी विचारलं, "चक्कर आली का सर?" मी त्यांना म्हटलं, ती पोरगी कुठली? त्यांनी गावाचं नाव सांगितलं. मला ते ऐकण्याआधीच माहीत होतं.

सामना संपल्यावर मी तिला बोलावलं. ती घामानं निथळत होती आणि बोलायला लाजत होती.

"कोणी शिकवलं तुले?"

"कोणी नाही. पोरायसंग खेळतो आमी."

"घरी कोणी खेळत होतं?"

"आई म्हणते, मामा खेळे. मी नाही पाह्यला. मी व्हायच्या आधीच वारला तो."

ती त्याच्या त्या धाकट्या बहिणीची मुलगी होती. बहिणीला त्याच गावात दिली होती. नवरा राइस मिलमध्ये कामाला होता. मी तिच्यामागं तिच्या घरी गेलो. बहिणीनं मला दारातच ओळखलं. तिच्या कपाळावरचे केस पांढरे झाले होते, पण उभं राहण्याची तऱ्हा तीच.

"या भाऊ," ती म्हणाली. "किती वर्सांनी आले."

मी तिला सांगितलं की पोरीला नागपूरला अकॅडमीत न्यायचं आहे. राहायची सोय आहे, शाळाही होईल. आणि मग मला राहवलं नाही. मी विचारलं, "तुले भेव नाही वाटत?"

तिला माझा प्रश्न कळला. तिनं चुलीतलं लाकूड मागं ओढलं आणि शांतपणे म्हणाली, "लेकराले पळू दिलं नसतं मी, पोट्टा असता तं. पोरीले नाही लागत ते. आमच्या घरच्या माणसायलेच आहे, बायांले नाही. म्हणून तं खेळू देऊन राहिली."

पोरगी दाराशी उभी राहून ऐकत होती.

ती नागपूरला आली. पावसाळाभर मी तिला डाव्या कडेला खेळवलं. दुसरीकडे खेळवून पाहायची इच्छाच झाली नाही. खरं तर रोज सकाळी मैदानावर जाताना माझी पावलं लवकर पडायची. कितीतरी वर्षांत असं झालं नव्हतं. सरावाच्या वेळी मी स्वतः मागं उभा राहून लाइनच्या कडेनं बॉल सोडायचो आणि ती तो घ्यायची. बाकीच्या मुली कुरकुरायच्या, सर एकीलाच पास देतात. बायकोनं एकदा विचारलं, "हल्ली तुमी झोपेत कोनाले आवाज देता?" मी म्हटलं, काहीतरी स्वप्न पडलं असेल. स्वप्न पडत नव्हतं. स्वप्न मी सकाळी मैदानावर पाहत होतो, उघड्या डोळ्यांनी, आणि मला त्याची भीती वाटत होती. ती पळायला लागली की मी बॉलकडे पाहत नसे. ती थांबते केव्हा, याकडे पाहत असे. थांबली की माझा श्वास सुटायचा.

मग जानेवारीतल्या एका सकाळी ती पळून आली आणि लाइनवर उभी राहिली. गुडघ्यांवर हात, मान खाली. मी जवळ गेलो.

"काय झालं वं?"

"काही नाही सर. ऊन आहे."

मैदानावर अजून धुकं होतं. गोलपोस्टही नीट दिसत नव्हता. ऊन कुठेच नव्हतं. बहुतेक मामाच्या मरणाची गोष्ट घरात ऐकून ऐकून तिच्या तोंडात तोच शब्द बसला असेल. असेलही. पण मला तेव्हा एवढंच कळलं की तिला आता आणखी एक पाऊलही पळू द्यायचं नाही. मी तिच्या पायातले बूट माझ्या हातांनी सोडवले. ती ओशाळून म्हणत होती, "सर, मी काढतो ना, मी काढतो."

तिच्या आईला बोलावून घेतलं. दोन दिवसांनी आम्ही तिघं धंतोलीत एका हृदयाच्या डॉक्टरीणबाईंकडे बसलो होतो. विदर्भभरातून आलेली माणसं, बाकांवर डबे सोडून जेवणारी, फायली मांडीवर घेऊन डुलक्या काढणारी. तिच्या आईनं पदर डोक्यावरून घेतला होता. ईसीजी झाला, इको झाला. इकोच्या खोलीतून पोरगी बाहेर आली ती हसत होती. पडद्यावर स्वतःचं हृदय पाहिलं म्हणाली. "कसं धकधक धकधक करून राहते, आई. जसं कोणी आतून पळून राहिलं."

डॉक्टरांनी मला आणि तिच्या आईला आत बोलावलं. त्या सावकाश बोलत होत्या.

"तुमच्या घरात कुणी लहान वयात अचानक गेलं आहे का? पळताना, काम करताना?"

तिची आई माझ्याकडे पाहू लागली. मी सांगितलं, हिचा मामा. मग तिनं स्वतःच सांगितलं, माझा बाप. माझा काका.

डॉक्टरांनी मान हलवली. त्यांनी कागदावर हृदयाचं चित्र काढून दाखवलं. हृदयाच्या स्नायूचा एक भाग नको तितका जाड असतो. एरवी माणसाला काही कळत नाही. पण जोरात पळताना ठोके एकदम बिघडू शकतात आणि हृदय थांबू शकतं. तो आजार रक्तातून येतो, पिढ्यांतून.

इतकी वर्षं मी जे शोधत होतो, ते त्यांनी दोन वाक्यांत माझ्यासमोर ठेवलं. त्या खोलीतून स्टेडियमची भिंत दिसत नव्हती, पण ती जवळच होती हे मला माहीत होतं.

तिच्या आईनं विचारलं, "पण हे तं माणसायलेच होते ना, बाई?"

"नाही. मुलींनाही येतं. तुमच्याकडूनच तिला आलेलं असणार. तुमचीही तपासणी करून घेऊ."

तिला ते समजायला वेळ लागला. मग तिनं पदर तोंडावर धरला. रडली नाही. एवढंच म्हणाली, "मी जन्मभर भाताचे भारे वाहिले. मले काहीच कसं नाही झालं?" डॉक्टर तिच्या हातावर हात ठेवून बसल्या. नंतर तपासलं, तर तिच्यातही ते होतं, कमी प्रमाणात.

पोरीला मी सांगितलं. आईनं नको म्हटलं होतं, पण दुसरं कोण सांगणार होतं. बाहेर चहाच्या टपरीजवळ उभे होतो. खेळणं आता बंद, पूर्ण बंद, असं मी म्हणालो. गोळ्या घ्यायच्या, शिकायचं, बाकी सगळं करायचं. फक्त पळायचं नाही. ती ऐकत राहिली. रडेल, भांडेल असं वाटलं होतं.

बस स्टँडवर गाडीची वाट पाहत असताना ती म्हणाली, "सर, गोलकीपर होऊ का? गोलकीपरले पळा लागत नाही."

मी म्हटलं, "डॉक्टरला विचारतो." मी खरंच विचारलंही. त्या नाही म्हणाल्या. मी फोनवर तिला ते कळवलं तेव्हा ती म्हणाली, "तुमी मले पाहाले यायलेच नाही पाहिजे होतं." आणि फोन आईला दिला.

ती गावी परत गेली. त्यानंतर अकॅडमीत मी नवी मुलं घेतली की आधी ईसीजी करायला लावायचो. संचालक कंटाळले. बायको म्हणाली, "तुमी लेकरायचे पाय पाहता का छाती?" मी दोन्ही पाहत नव्हतो खरं तर. कुणीही चांगलं पळायला लागलं की मला ते पाहवत नव्हतं. मैदानाकडे पाठ करून मी टाळ्या वाजवायचो.

पुढच्या हिवाळ्यात मी तिच्या गावी गेलो. धान कापून झालं होतं, शेतात नुसते सड उभे होते. रस्त्यावरून दिसलं, एका रिकाम्या बांधीत पोरं खेळत होती आणि त्यांच्यात ती. अनवाणी. डाव्या कडेनं पळत होती.

मला ओरडता आलं नाही. वाटलं, ओरडलो आणि ती दचकली, आणखी जोरात पळाली तर? मी बांधावरून उतरलो आणि चालत खेळाच्या मधेच गेलो. पोरांनी बॉल थांबवला. ती माझ्याकडे पाहत उभी राहिली, धापा टाकत. मी तिथेच सडांमध्ये बसलो. थोड्या वेळानं तीही जवळ येऊन बसली. पोरं बॉल घेऊन दूर गेली.

"आईले सांगू नका," ती म्हणाली.

"नाही सांगत. पण तू सांग, काहून खेळून राहिली?"

ती सड उपटत राहिली. मग म्हणाली, "सर, मामा कसा पडला? आई नीट सांगत नाही. तिनं पाह्यलंच नाही."

मी सांगितलं. सगळं. पास मी दिला होता, तो लाइनबाहेर गेला होता, तरी तो पळत राहिला होता. आम्ही हसलो होतो. तिनं मधे एकदाही अडवलं नाही. शेवटी विचारलं, "त्याले दुखलं असन का?"

"डॉक्टर म्हणतात, नाही. त्याले कळलंच नसन."

"मंग बरं आहे." तिनं आणखी एक सड उपटला. "त्याले माहीत असतं, तं त्यानं सोडलं असतं का खेळणं?"

तिला थांबवायचं तर हो म्हणायला हवं होतं. मी त्याला ओळखत होतो. मला हो म्हणता आलं नाही.

"नसतं सोडलं," मी म्हणालो. "म्हणूनच मी सांगायले आलो. त्याले सांगणारं कोणी नव्हतं. तो नसता ऐकला तरी मी त्याच्या वाटेत बसलो असतो. असाच."

समोरच्या बांधीत पोरांचा गलका चालू होता. मग ती उठली, फ्रॉकला चिकटलेला चिखल झटकला आणि म्हणाली, "चला, आई वाट पाहून राहिली असन. जेवून जा." आम्ही बांधावरून चालत घरी गेलो. ती माझ्या पुढे होती आणि सावकाश चालत होती. माझ्यासाठी की स्वतःसाठी, ते मला कळलं नाही.

त्यानंतर ती खेळली नाही, असं तिची आई सांगते. मी विश्वास ठेवतो. पोरगी आता रामटेकला कॉलेजात आहे, नर्सिंगला जायचं म्हणते. फुटबॉलचं नाव काढत नाही. टीव्हीवर सामना लागला तर उठून आत जाते. माझ्याशी बोलते ती गोळ्यांबद्दल, परीक्षेबद्दल. कधीतरी मी गेलो तर चहा तीच करते.

मी अजून कोचिंग करतो. त्याची आठवण पूर्वी रोज यायची, कुठेही यायची, आणि त्यात कायम त्याची पाठ असायची, घामानं भिजलेला बनियान आणि डावा हात. आता तो आठवायचा म्हटला, की मला धुक्यातलं मैदान दिसतं आणि लाल रिबीन दिसते. त्याची धाव कशी होती ते मला आता तिच्याशिवाय आठवत नाही. मी पुष्कळ प्रयत्न केला. त्याचा जुना ग्रुप फोटो काढून पाहिला. त्यात तो खुर्चीमागं उभा आहे, हात छातीवर बांधून, आणि फोटोतला माणूस पळत नाही.

परवा तिच्या आईचा फोन आला होता. नव्या तांदळाची पोतडी पाठवते म्हणाली. मी विचारलं, पोरगी कशी आहे?

"आहे," ती म्हणाली. "झोपली आहे दुपारची. मी मधून मधून जाऊन पाहून येतो, श्वास चालू आहे का. हसते ती मले."

"मी बी पाहिलं असतं," मी म्हटलं.

"माहीत आहे, भाऊ," ती म्हणाली, आणि फोन तसाच चालू ठेवून पोरीला पाहायला आत गेली.